जिंकलात, तिथंच घोळ झाला

पत्र : ताई, ३१ वर्षं एकाच कॉलेजात मुलींना सॉफ्टबॉल शिकवला. गेल्या जूनमध्ये निवृत्त झाले. जागा भरलीच नाही, माझीच एक जुनी कॅचर (बॅटरच्या मागे बसून बॉल पकडणारी) मानधनावर घेतली. मी मात्र रोज संध्याकाळी साडेपाचला ग्राऊंडवर जातेच. घरी बसून करू काय? ग्राऊंड आखायची माझी गाठी मारलेली दोरी बाजूला ठेवून तिनं मापाला टेप आणली, मी गप्प राहिले. पण झोनच्या मॅचला शेवटच्या इनिंगमध्ये बरोबरी होती, तिसऱ्या बेसवर आमची रनर होती. बॅटिंगला उभ्या मुलीनं माझ्याकडे पाहिलं आणि माझा हात आपोआप टोपीला गेला. आमच्याकडे टोपी म्हणजे बंट, बॅट न फिरवता बॉल हळूच जवळ पाडायचा. हिनं तिला फटका मारायला सांगितलं होतं. पोरीनं बंट केला, रन आला, आम्ही जिंकलो. परतीच्या गाडीत ही माझ्याशी अक्षर बोलली नाही. आता म्हणते, 'मॅडम, पुढच्या राऊंडला तुम्ही नाही आलात तरी चालेल.' जिला मी ग्लोव्ह कसा घालायचा ते शिकवलं, तिनं हे बोलावं? माझं काय चुकलं? — एक निवृत्त कोच, विदर्भ

प्रिय मॅडम,

तुम्हाला सगळे मॅडमच म्हणत असणार, मीही तेच म्हणते. शिवाय मी कॉलेजात दोन वर्षं राईट फिल्डला उभी होते. जिच्याकडे बॉल जाऊ नये असं सगळ्यांना वाटतं तिला तिथं ठेवतात, हे तुम्हाला सांगायला नको. त्यामुळे तुमच्या पेशाबद्दल मनात जरा धाक आहे. तरी स्पष्टच लिहिते.

बंट बरोबर होता की फटका, यात मी पडणार नाही. बंटच बरोबर असेल. पण ती मॅच तुम्ही हरला असतात तर बरं झालं असतं असं मला वाटतं. हरला असतात तर तुम्हीच तुमच्या जुन्या कॅचरची माफी मागितली असती आणि विषय गाडीतच मिटला असता. जिंकल्यामुळे तुम्हाला माफी मागावीशी वाटली नाही, आणि तिला तक्रार करायला जागा उरली नाही. जिंकल्यावर रुसायचं कसं? म्हणून ती गप्प बसली.

आता जरा तिच्या जागी उभ्या राहा. बारा-पंधरा पोरी, दोन कोच. एकीचा पगार संपलाय पण शब्द चालतो, दुसरीचा शब्द चालत नाही आणि मानधन दरवर्षी नव्यानं मंजूर व्हायचंय. परवाच्या विजयाचं प्राचार्यांच्या कानावर काय गेलं असेल? 'मॅडम होत्या म्हणून जिंकलो.' पुढच्या वर्षी कागदावर सही करताना त्यांच्या मनात हेच वाक्य असेल. मॅडम फुकट येतातच आहेत, मग हिला पैसे कशाला? तुम्ही मायेनं जाता, आणि त्या मायेचा खर्च तिच्या खिशातून होतो. हे तुमच्या लक्षात आलं नसणार. आलं असतं तर तुम्ही एव्हाना प्राचार्यांच्या केबिनमध्ये जाऊन भांडला असतात.

तुमचं पत्र वाचताना मला कॅरोल हचिन्स आठवल्या. माझी एक भाची अमेरिकेत ॲन आर्बरला, मिशिगन विद्यापीठात शिकायला होती, तिच्यामुळे हे नाव घरात आलं. त्या विद्यापीठाच्या या सॉफ्टबॉल कोच. १९८५ पासून २०२२ पर्यंत, ३८ सीझन. सगळ्या कारकिर्दीत मिळून १७०७ विजय. त्या थांबल्या तेव्हा अमेरिकेतल्या कॉलेज सॉफ्टबॉलमध्ये कुठल्याच कोचच्या नावावर इतके विजय नव्हते. तेही मिशिगनमध्ये, जिथं सीझन सुरू होतो तेव्हा ग्राऊंडवर बर्फ असतो आणि पहिल्या मॅचेस खेळायला पोरींना घेऊन दक्षिणेकडे जावं लागतं. तुम्ही कधी रेल्वेच्या वेटिंग लिस्टवर पोरींना घेऊन ऑल इंडिया स्पर्धेला गेला असाल, तर त्याचीच ही थंडीतली आवृत्ती. २००५ मध्ये त्यांच्या संघानं एनसीएए या कॉलेज खेळांच्या संघटनेच्या राष्ट्रीय स्पर्धेत, फायनलला कॅलिफोर्नियाच्या यूसीएलए विद्यापीठाला हरवलं. मिसिसिपी नदीच्या पूर्वेकडच्या कुठल्याही संघानं तोवर एनसीएएची ही स्पर्धा जिंकली नव्हती.

या बाई विद्यार्थिनी असतानाच कोर्टात गेल्या होत्या, हे मला त्या १७०७ पेक्षा मोठं वाटतं. १९७९ साली, बास्केटबॉलच्या मैत्रिणींबरोबर, स्वतःच्याच विद्यापीठाविरुद्ध, म्हणजे तेव्हा त्या शिकत होत्या त्या मिशिगन स्टेटविरुद्ध. मुलांच्या टीमला प्रवासाला, जेवणाला जे मिळतं ते आम्हाला का नाही, एवढाच मुद्दा. तुमच्या कॉलेजात मुलांच्या क्रिकेटला गाडी आणि तुमच्या पोरींना एसटी, असं कधी झालं नसेल तर मला आश्चर्य वाटेल.

पण हे सगळं ज्यासाठी सांगतेय ते पुढे आहे. २०२२ च्या ऑगस्टमध्ये त्यांनी निवृत्ती जाहीर केली आणि त्यांच्या जागी आल्या बॉनी थॉल. आधी त्यांच्याच खेळाडू, मग वर्षानुवर्षं त्यांच्या सहायक. म्हणजे तुमची कॅचर आणि तुम्ही, हेच नातं. आणि पहिल्या सीझनला काय झालं? मिशिगन राष्ट्रीय स्पर्धेपर्यंत पोचलंच नाही. चाहत्यांनी काय काय म्हटलं असेल ते तुम्ही ओळखालच. २०२४ मध्ये थॉलच्या संघानं बिग टेन ही त्यांच्या विभागाची स्पर्धा जिंकली. मधलं ते एक वाईट वर्ष त्यांचं स्वतःचं होतं, कोणी उसनं दिलेलं नव्हतं. उलटंही घडतं. ॲरिझोना विद्यापीठाचे कोच माइक कँड्रिया आठ राष्ट्रीय विजेतेपदं मिळवून २०२१ मध्ये थांबले, जागा त्यांच्याच जुन्या खेळाडूला, केटलिन लोव यांना मिळाली, आणि पुढच्याच वर्षी त्यांनी संघ देशातल्या शेवटच्या आठांत नेला. तुमची पोरगी यातली कुठली निघेल ते ना तुम्हाला माहीत ना मला. ते कळायला तिला तिच्या चुका करू द्याव्या लागतील, आणि त्या चुका बघत तुम्हाला हात खिशात ठेवावे लागतील.

दोरीबद्दल थोडं. तुम्ही लिहिलंय त्यावरून ती मला डोळ्यांसमोर दिसते : एक टोक होम प्लेटला, बॅटर उभी राहते तिथं धरायचं, साठ फुटांची गाठ पहिल्या बेसवर, त्रेचाळीसची बॉल टाकणाऱ्या पिचरसाठी, आणि त्याआधी एक चाळीसची, नियम बदलायच्या आधीची, जी तुम्ही सोडली नसेल. फक्कीचा डबा हलवत त्या दोरीवरून किती पोरी चालल्या असतील! पण मॅडम, दोरी नायलॉनची असेल तर ती ताणली जाते. तुम्हालाही ते माहीत आहे. टेप आणली यात अपमान नाही. तिनं तुमच्याकडून माप अचूक हवं हे शिकलं आणि तुमच्याच दोरीला लावलं.

ती बोलली ते कडू होतं, मान्य. 'नाही आलात तरी चालेल' हे ३१ वर्षांनंतर ऐकायची वेळ येऊ नये. तिनं घरी येऊन, चहा पिऊन, नीट सांगायला हवं होतं. पण कॅचरनं पिचरला कधी नीट सांगितलंय? त्या मास्कमागून एक बोट दाखवतात, झालं.

तर काय करायचं. या आठवड्यात तिला घरी बोलवा, ग्राऊंडवर नको. पहिलं वाक्य 'टोपीला हात लावायला नको होता' हे असू द्या, त्याच्यापुढे 'पण' नको. स्कोअरबुकं असतील ती तिच्या हवाली करा. क्रीडा विभागाच्या खोलीची एखादी चावी अजून तुमच्या किल्ल्यांच्या जुडग्यात असेल तर तीही. मग एकदा प्राचार्यांना भेटा आणि त्या मॅचचं श्रेय तिला आहे असं सांगा. अर्धं खोटं आहे, चालेल. मानधन वाढवायचंही बोला, तुमचं ऐकतील.

आणि साडेपाचचं काय? तो खरा प्रश्न आहे, तुम्ही तो एका ओळीत उरकलात. संध्याकाळचा तो दीड तास ३१ वर्षं भरलेला होता. पत्रात घरातल्या कुणाचा उल्लेख नाही, म्हणून विचारत नाही. जवळपासच्या जिल्हा परिषदेच्या शाळेत जाऊन पाहा. सहावी-सातवीच्या पोरी असतील, ग्लोव्ह कुठल्या हातात घालायचा हेही माहीत नसलेल्या. तिथं तुम्ही टोपीला हात लावलात तर कुणाला काही कळणार नाही, आधी सगळं शिकवावं लागेल. ती दोरीही तिथं न्या, सहावीतल्या पोरींना फूटभर इकडेतिकडे चालतं.

पुढच्या राऊंडला जावंसं वाटणारच. जा. कुणी अडवू नये. फक्त तिसऱ्या बेसच्या बाजूला बसू नका, सेंटर फिल्डच्या मागे झाड असेल तर त्याखाली बसा. तिथून बॅटरला तुमचा चेहरा दिसत नाही. आणि टोपी घरी ठेवून जा, ऊन लागलं तर छत्री घ्या.

तुमची,
ताई