हुकूम हातात आहे, पण कामावर घेत नाहीत : हंगामी कामगारांच्या प्रश्नांना उत्तरे

प्रश्न : मी नगरपालिकेत १४ वर्षं रोजंदारीवर सफाईचं काम करते. ‘कायम करण्याच्या अर्जाचा तीन महिन्यांत विचार करावा’ असा उच्च न्यायालयाचा आदेश झाला. मुख्याधिकाऱ्यांनी एका पानाच्या पत्राने अर्ज फेटाळला. हा अवमान नाही का?

उत्तर : ताई, तुमचा संताप रास्त आहे. तरीही अवमान याचिका इथे बहुधा टिकणार नाही. आदेशात जे लिहिलंय ते जाणूनबुजून मोडलं, तर अवमान. तुमच्या आदेशात ‘विचार करावा’ एवढंच होतं. त्यांनी विचार केला आणि नाही म्हटलं. ते नाही म्हणणं चुकीचं असेल, तर त्याला नव्या याचिकेत आव्हान द्यावं लागतं, असं सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये जे. एस. परिहार प्रकरणात सांगितलं आहे. ओएनजीसीच्या कंत्राटी रेडिओ ऑपरेटरांसाठी उच्च न्यायालयाने अवमानाच्या सुनावणीत जादा पदं निर्माण करायला लावली होती. मूळ आदेशात तसं काही नव्हतं, म्हणून २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो निर्देश रद्द केला.

ते एक पान मात्र जपून ठेवा. ‘उमादेवी निकालामुळे कायम करता येत नाही’ एवढंच कारण त्यात असेल, तर तुमची बाजू भक्कम आहे. हंगामी कामगारांना नुसत्या वर्षांच्या जोरावर कायम होण्याचा हक्क मिळत नाही, असा तो सर्वोच्च न्यायालयाचा २००६ चा निकाल. पण त्याच निकालात, मंजूर पदांवर दहा वर्षं काम केलेल्यांना एकदा नियमित करण्याची वाट ठेवली होती. डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो प्रकरणात केंद्रीय जल आयोगाकडे वर्षानुवर्षं राबलेल्या सफाई कामगारांना नियमित करताना, त्या निकालाची ढाल करून जुन्या कामगारांना डावलू नका, असं सर्वोच्च न्यायालयाने बजावलं. नवी याचिका करताना वकिलांना आग्रहाने सांगा : मागणीत ‘विचार करावा’ नको, ‘अमुक तारखेपासून कायम करावे’ हवं. ‘विचार करावा’ एवढ्यावर आनंदाने पेढे वाटणारी माणसं मी पाहिली आहेत. पुढची वर्षं त्यांना फार जड गेली.

प्रश्न : निकाल आमच्या बाजूने लागला. ‘आम्ही अपील केलंय’ असं सांगून व्यवस्थापन थांबलं आहे.

उत्तर : नुसत्या अपिलाने आदेश थांबत नाही, स्थगिती लागते. लेखी पत्र देऊन स्थगितीची प्रत मागा. मात्र स्थगितीचा अर्ज प्रलंबित असेल तर न्यायालय बहुतेक वेळा आधी तो ऐकतं. म्हणून निकाल लागला की लगेच वरच्या न्यायालयात कॅव्हेट, म्हणजे ‘आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये’ असा अर्ज, दाखल करावं.

प्रश्न : मला कामावरून काढू नये, असा औद्योगिक न्यायालयाचा अंतरिम आदेश आहे. तरी एक तारखेपासून गेटवर अडवतात. लेखी काहीच देत नाहीत.

उत्तर : आदेश अनुचित कामगार प्रथा कायद्याखालचा (१९७१ चा) असेल, तर कलम ४८ वाचा. आदेश न पाळल्यास तीन महिन्यांपर्यंत कैद किंवा पाच हजार रुपयांपर्यंत दंड होऊ शकतो. पण दादा, प्रकरण पुराव्यावर उभं राहतं. आदेशाची प्रमाणित प्रत कंपनीला पोचली, याची पोच हवी. रोज वेळेवर गेटवर जा आणि त्याच दिवशी ‘आज अमुक वाजता हजर झालो, आत घेतलं नाही’ असं स्पीड पोस्टने किंवा ईमेलने कळवा. चार दिवस घरी बसलात तर ‘तोच येत नव्हता’ असं ते म्हणतील, आणि हे सगळ्यात जास्त वेळा घडतं. कुठल्या अधिकाऱ्याने अडवलं, त्याचं नाव व हुद्दा लिहून ठेवा. आदेशाप्रमाणे देणं असलेल्या पैशांसाठी कलम ५० आहे : न्यायालयाच्या दाखल्यावर जिल्हाधिकारी ती रक्कम जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसूल करतात.

प्रश्न : उच्च न्यायालयाच्या आदेशाची मुदत संपून दीड वर्ष झालं. स्मरणपत्रं पाठवत राहिलो. आता अवमान याचिका करता येईल?

उत्तर : अवघड आहे. अवमान कायद्याच्या कलम २० प्रमाणे भंग झाल्यापासून एक वर्षात यावं लागतं, आणि स्मरणपत्रांनी ही मुदत वाढत नाही. आदेश मात्र मेलेला नाही. तो अमलात आणावा म्हणून मूळ प्रकरणात अर्ज करता येईल का, हे वकिलांना याच आठवड्यात विचारा. जम्मू-काश्मीरच्या रोजंदारी कामगारांच्या बाजूने २००७ मध्ये झालेला आदेश अधिकाऱ्यांनी वर्षानुवर्षं पाळला नाही. अवमानाचं ते प्रकरण कामगारांनी सोडलं नाही. मार्च २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने त्या प्रशासनाला २५ हजारांचा खर्च भरायला लावला आणि अवमानाची सुनावणी दर आठवड्याला घ्यायला सांगितलं.