वर्षश्राद्धापर्यंत थांब

चिरंजीव,

बाबांचं तेरावं होऊन आठ दिवसही झाले नाहीत. एवढ्यात तू फ्लॅट विकायला काढलास, राजीनामा लिहून ठेवलास, काकांनी आणलेलं स्थळ बघायलाही तयार झालास. ‘वर्षाच्या आत उरका, नाहीतर तीन वर्षं थांबा’ हे तुलाही पटलं? वर्षश्राद्धापर्यंत मोठा निर्णय नको. घर नको, नोकरी नको, लग्न तर नकोच.

पहाटे तीनला जागा होतोस, दिवसातून एकदा जेवतोस. अशा झोपेवर आणि अशा पोटावर सह्या करायच्या नसतात. दर तीन-चार तासांनी चार घास खा, मऊ भात आणि पातळ वरण पुरे. दुपारी चारनंतर चहा बंद. आत्याने दिलेली झोपेची गोळी परत कर, ती तिच्या डॉक्टरांनी तिला दिली आहे.

‘मी दुःखाच्या पाच टप्प्यांपैकी कुठल्या टप्प्यावर आहे?’ हा प्रश्न सोड रे. मनोविकारतज्ज्ञ कुब्लर-रॉस यांनी ते १९६९ मध्ये मांडले ते मरणाला सामोरं जाणाऱ्या रुग्णांविषयी. सकाळी हसलास आणि रात्री कोसळलास, तर काहीही बिघडलेलं नाही.

कागद मात्र थांबत नाहीत. मृत्यूदाखल्याच्या दहा प्रती काढ. बाबांचं सिम चालू ठेव. रिचार्ज संपून नंबर बंद पडला की काही काळाने तो दुसऱ्याला दिला जातो, आणि विम्याचे, बँकेचे निरोप त्यावरच येतात. त्यांचं एटीएम कार्ड वापरू नकोस, पिन माहीत असला तरी. पुढे भावंडांत हिशेब निघतो तो तिथूनच. आणि बँकेतला नॉमिनी म्हणजे मालक नव्हे, हे आईलाही समजावून सांग.

मावशी कपडे वाटायला निघाली आहे ना? एक न धुतलेला शर्ट पिशवीत घट्ट बांधून ठेव. वास एकदा धुतला गेला की गेलाच.

लोक मला हेकट म्हणतात. म्हणोत. थांबल्याने फार तर भाव थोडा पडेल, पण घाईत विकलेलं घर परत मिळत नाही. शिवाय त्या घरात आईचं स्वयंपाकघर आहे. नवरा गेला, आता ओटाही काढून घेणार आहेस? तिला विचारलंस तरी का?

एक रात्रही थांबायचं नाही अशी एकच गोष्ट आहे. जीव नकोसा वाटला तर त्याच रात्री १४४१६ लाव. टेलि-मानस ही सरकारची मानसिक आधाराची हेल्पलाइन, चोवीस तास चालू असते, मराठीतही बोलतात.

राजीनामा माझ्याकडे पाठव. कपाटात राहील. वर्षश्राद्ध झालं की मागून घे.