शुल्क शून्य झाले, तरी माल बंदरावर का अडतो?

भारत आणि ब्रिटन यांच्यात 24 जुलै 2025 रोजी ज्या व्यापार करारावर स्वाक्षऱ्या झाल्या, त्याच्या संदर्भात आपण विचारले आहे की, आयातशुल्क शून्यावर आल्यावर नाशिकची द्राक्षे आणि कोकणचा हापूस तिकडे मुबलक का जाणार नाहीत, आणि मुळात दोन देश आपापसांतला व्यापार चालवतात तरी कसा. फळांच्या निर्यातीच्या कागदपत्रांशी माझा दीर्घकाळ संबंध आला आहे, म्हणून थोडे विस्ताराने लिहितो. माझे मत आरंभीच सांगतो: शुल्क हा या व्यवहाराचा सर्वांत दिसणारा, पण शेतमालाच्या बाबतीत बहुधा सर्वांत कमी निर्णायक भाग आहे. खरी देवाणघेवाण प्रवेशाच्या अटींवर होते, आणि त्या अटी आपण वर्षानुवर्षे सांभाळू असा विश्वास समोरच्या देशाला वाटतो की नाही, यावर होते.

प्रथम चौकट पाहू. 1947 साली जिनिव्हात 23 देशांनी व्यापार आणि जकातीविषयीचा सर्वसाधारण करार केला, त्यात भारत होता. 1995 पासून जागतिक व्यापार संघटना त्याच पायावर उभी आहे. एका सदस्याला दिलेली शुल्कसवलत सर्व सदस्यांना द्यावी, हा त्यातला मूळ नियम. याला मोठा अपवाद म्हणजे मुक्त व्यापार करार: दोन किंवा अधिक देशांनी आपापसांतल्या जवळजवळ सर्व व्यापारावरील शुल्क काढले, तर ती सवलत इतरांना देण्याचे बंधन राहत नाही. ब्रिटनशी झालेला करार या अपवादातच बसतो. नियम पाळला नाही तर तंटा सोडवणारी यंत्रणा होती, परंतु तिचे अपील मंडळ नव्या सदस्यांच्या नेमणुका अमेरिकेने रोखून धरल्यामुळे डिसेंबर 2019 पासून ठप्प आहे. त्यामुळे आज देशादेशांतले बरेच प्रश्न थेट वाटाघाटीने सुटतात किंवा तसेच पडून राहतात.

आता आंबा. कोयीतला भुंगा आणि फळमाशी यांच्या भीतीने अमेरिकेने 1989 पासून भारतीय आंबा बंद केला होता. तिथे आंब्यावरचे शुल्क तेव्हा किलोमागे सहा-सात सेंट इतके किरकोळ होते. म्हणजे अडचण शुल्काची नव्हतीच. वाट निघाली ती मार्च 2006 मध्ये, राष्ट्राध्यक्ष बुश यांच्या भारतभेटीच्या वेळी, आणि एप्रिल 2007 मध्ये पहिली खेप गेली. अट अशी होती की, प्रत्येक पेटीला किमान 400 ग्रे (विकिरण मोजण्याचे एकक) इतकी विकिरणाची, म्हणजे कीड निष्प्रभ करणाऱ्या किरणांची, मात्रा मिळालीच पाहिजे, आणि ती प्रक्रिया अमेरिकी कृषी खात्याच्या निरीक्षकाच्या देखरेखीखाली भारतातच झाली पाहिजे. त्या निरीक्षकाचा खर्च निर्यातदारांकडे. या प्रक्रियेसाठी प्रथम मान्यता मिळाली ती भाभा अणुसंशोधन केंद्राच्या लासलगाव येथील ‘कृषक’ प्रकल्पाला, जो मुळात कांद्याला कोंब फुटू नयेत म्हणून उभारला गेला होता. पुढे वाशी येथे राज्य कृषी पणन मंडळाचे केंद्र आले. त्याच सुमारास भारताने मोठ्या क्षमतेच्या अमेरिकी मोटारसायकलींसाठी धूर-उत्सर्जनाची युरो-3 मानके मान्य केली आणि हार्ले-डेव्हिडसनचा मार्ग मोकळा झाला. दोन्ही निर्णयांची चर्चा तेव्हा एकत्रच होत असे, आणि ते स्वाभाविकही होते, कारण कोणताही देश बाजार उघडताना त्याच्या बदल्यात काय मिळाले हे आपल्या लोकांना सांगू इच्छितो. कोविडच्या काळात निरीक्षक येऊ शकले नाहीत, तेव्हा दोन हंगाम आंबा अमेरिकेला गेलाच नाही. 2022 मध्ये तो पुन्हा सुरू झाला, तोही भारताने अमेरिकेची चेरी आणि अल्फाल्फा गवत स्वीकारावे, अमेरिकेने भारताचा आंबा आणि डाळिंब स्वीकारावे, अशा जोडव्यवस्थेतून.

या व्यवस्थेत कागदाला फळाइतकेच मोल असते. मे 2025 मध्ये नवी मुंबईत विकिरण झालेल्या आंब्याच्या काही खेपा नोंदींतल्या त्रुटींमुळे अमेरिकेच्या विमानतळांवर नाकारल्या गेल्या. फळाला कीड होती असा आक्षेप नव्हता, आक्षेप नोंदीवर होता. तो माल परत आणणे परवडणारे नसल्यामुळे तिथेच नष्ट करावा लागला. हे अनेकांना अन्यायाचे वाटले आणि निर्यातदारांचे नुकसान पाहून मलाही वाईट वाटले, परंतु आयात करणाऱ्या देशाच्या बाजूने पाहिले तर बंद पेटीतला आंबा सुरक्षित आहे हे सांगणारा दुसरा पुरावा त्याच्याकडे नसतो.

युरोपचे उदाहरण तर आपल्या प्रश्नाचे थेट उत्तरच आहे. युरोपीय संघात ताज्या आंब्यावर शुल्क शून्यच आहे. तरीही 1 मे 2014 पासून, म्हणजे हापूसच्या ऐन हंगामात, संघाने भारतीय आंबा आणि वांगी, कारली, पडवळ, अळू या भाज्यांवर बंदी घातली, कारण 2013 मध्ये भारतातून आलेल्या 207 खेपांत फळमाशी आणि इतर किडी सापडल्या होत्या. ब्रिटन तेव्हा संघातच होता. तिथल्या भारतीय वस्तीतल्या दुकानदारांनी आणि लेस्टरचे खासदार कीथ वाझ यांनी विरोध केला, पण बंदी त्या विरोधाने उठली नाही. भारताने निर्यातीसाठी मान्यताप्राप्त पॅकहाउसमधूनच, म्हणजे फळे निवडून पेटीत भरण्याच्या केंद्रांतूनच, माल पाठवण्याची सक्ती केली, उष्णजल आणि बाष्पउष्णता प्रक्रियेची सोय वाढवली, युरोपचे तपासनीस येऊन पाहून गेले, आणि मग जानेवारी 2015 मध्ये आंब्यावरची बंदी उठवण्याचा निर्णय झाला. भाज्यांना अधिक काळ थांबावे लागले.

अशा अटींना सरसकट ‘छुपे अडथळे’ म्हणण्याची पद्धत आहे, ती मला पूर्णपणे मान्य नाही. आरोग्य आणि वनस्पतिरक्षण यांविषयी जागतिक व्यापार संघटनेचा स्वतंत्र करार आहे. अट शास्त्रीय आधारावर असावी, जोखमीच्या मूल्यमापनावर उभी असावी आणि गरजेपेक्षा कठोर नसावी, असे तो करार सांगतो. काही अटी या कसोटीला उतरत नाहीत, आणि तिथे भांडलेच पाहिजे. मात्र फळमाशीची भीती खोटी नाही. आपणही परदेशी फळांबाबत किडीच्या जोखमीचे परीक्षण करूनच दार उघडतो.

द्राक्षांच्या बाबतीत महाराष्ट्राने हे काम फार चांगले करून दाखवले आहे. 2010 मध्ये युरोपात गेलेल्या द्राक्षांत क्लोरमेक्वाट क्लोराइड, म्हणजे बागायतदार ज्याला सीसीसी म्हणतात ते वाढ रोखणारे संजीवक, मर्यादेपेक्षा अधिक आढळले आणि कंटेनरमागून कंटेनर अडकले. युरोपची मर्यादा अत्यंत कमी होती, आणि आपल्याकडे तपासल्या जाणाऱ्या रसायनांच्या यादीत या घटकाचा समावेशच नव्हता. म्हणजे बागायतदाराने सांगितलेले सर्व पाळूनही त्याचा माल अडला. त्यानंतर यादी विस्तारली. अपेडा या केंद्र सरकारच्या शेतमाल-निर्यात संस्थेच्या ग्रेपनेट प्रणालीत निर्यातीच्या प्रत्येक बागेची नोंदणी होते, बागेतून नमुना मान्यताप्राप्त प्रयोगशाळेत जातो, आणि उर्वरित अंशाचा, म्हणजे फळात उरलेल्या औषधांच्या मात्रेचा, अहवाल स्वच्छ आल्याशिवाय त्या बागेचा माल पॅकहाउसमध्ये घेतला जात नाही. पुण्याजवळील मांजरी येथील राष्ट्रीय द्राक्ष संशोधन केंद्र या सर्वाला शास्त्रीय आधार पुरवते. नेदरलँड्सच्या रॉटरडॅम बंदरात उघडलेल्या पेटीवरून दिंडोरी किंवा निफाडमधली बाग शोधता येते. युरोपात चिली, पेरू आणि दक्षिण आफ्रिका यांची द्राक्षे आपापल्या करारांमुळे शुल्काविना जातात आणि आपल्याला मात्र हंगामात आठ टक्क्यांच्या आसपास शुल्क मोजावे लागत आले आहे. असे असूनही आपण त्या बाजारात टिकलो ते या नोंदींच्या बळावर. ब्रिटनच्या कराराने द्राक्षांवरचे शुल्क गेले की हा तोटा तिथे भरून निघेल, आणि तो लाभ खरा आहे. पण तो लाभ मिळवण्याची पात्रता आपण आधीच कमावलेली आहे, हे विसरता कामा नये.

हा झाला आयातदाराचा विश्वास. निर्यात करणाऱ्या देशाच्या शब्दाचा प्रश्नही तितकाच मोठा आहे, आणि इथे आपली बाजू दुबळी आहे. कांद्याकडे पाहा. सप्टेंबर 2019 मध्ये निर्यातबंदी आली. त्यानंतर काही दिवसांतच दिल्लीत आलेल्या बांगलादेशच्या तत्कालीन पंतप्रधान शेख हसीना यांनी, पुढच्या वेळी थोडे आधी कळवा, असे जाहीरपणे म्हटले. सप्टेंबर 2020 मध्ये पुन्हा अचानक बंदी आली आणि कांद्याने भरलेले ट्रक बांगलादेशच्या सीमेवर उभे राहिले. ऑगस्ट 2023 मध्ये 40 टक्के निर्यातशुल्क, ऑक्टोबरमध्ये टनामागे 800 डॉलरचे किमान निर्यातमूल्य (त्याहून स्वस्तात निर्यात करता येत नाही), डिसेंबरमध्ये संपूर्ण बंदी, मे 2024 मध्ये 550 डॉलरच्या अटीसह आणि 40 टक्के शुल्कासह बंदी मागे, सप्टेंबरमध्ये शुल्क 20 टक्के, आणि 1 एप्रिल 2025 पासून शुल्क शून्य. बंदीच्या काळात सरकारने बांगलादेश, संयुक्त अरब अमिराती, भूतान, बहारीन, मॉरिशस आणि श्रीलंका या सहा देशांना मिळून 99,150 टन कांदा सरकारी मार्गाने देऊ केला. म्हणजे ज्या कांद्याचा भाव लासलगावच्या लिलावात ठरायचा, तो कुणाला आणि किती द्यायचा हे काही महिने मंत्रालयांत ठरत होते.

अन्नाचा तुटवडा टाळण्यासाठी तात्पुरती निर्यातबंदी घालण्याची मुभा 1947 च्या करारातही आहे, म्हणून हे बेकायदा नाही. मात्र कृषी करारात आयातदार देशाच्या अन्नसुरक्षेचा विचार करावा आणि शक्य तितकी आगाऊ सूचना द्यावी अशी तरतूद आहे, आणि मला वाटते की आपण तिचा आत्मा पाळलेला नाही. परिणाम दोन्हीकडे झाला. बांगलादेशने पाकिस्तान, चीन, इजिप्त आणि तुर्कस्तानकडून कांदा मागवला आणि स्वतःची लागवड वाढवण्याचा आग्रह धरला. इकडे उन्हाळ कांदा चाळीत साठवून बसलेल्या शेतकऱ्याला आपला माल कोणत्या नियमांखाली विकला जाईल याचा अंदाज राहिला नाही. शहरातल्या ग्राहकाला स्वस्त कांदा हवा, ही मागणी चुकीची नाही. तिची किंमत मात्र प्रत्येक वेळी एकाच घटकाने का द्यावी, याचे समाधानकारक उत्तर मला आजवर मिळालेले नाही.

तेव्हा ब्रिटनच्या करारातून आपल्याला नेमके काय मिळेल हे पाहायचे असेल, तर शुल्काच्या तक्त्याबरोबर करारातली तीन प्रकरणे वाचा. पहिले वनस्पतिरक्षण आणि अन्नसुरक्षेचे: उर्वरित अंशाच्या मर्यादा ब्रिटनच ठरवणार आहे, त्या करारामुळे सैल होत नाहीत. दुसरे मालाच्या उगमाचे: बागेतली द्राक्षे पूर्णपणे इथलीच असल्याने त्यांना अडचण नाही, पण बाहेरचा घटक असलेल्या प्रक्रियायुक्त मालाला ती येऊ शकते. तिसरे, भारताने काय राखून ठेवले आहे: दुग्धजन्य पदार्थ आणि सफरचंद आपण बाहेर ठेवली आहेत, आणि स्कॉच व्हिस्कीवरचे शुल्क 150 टक्क्यांवरून प्रथम 75 वर आणि दहा वर्षांत 40 वर आणण्याचे मान्य केले आहे. आपण स्वतः बागायतदार असाल, तर येत्या हंगामाआधी बागेची नोंदणी नूतनीकृत करा आणि आपल्या फवारणीच्या वहीतले प्रत्येक औषध त्या वर्षीच्या अपेडाच्या परिशिष्टाशी, म्हणजे तपासल्या जाणाऱ्या रसायनांच्या यादीशी, पडताळून पाहा. ब्रिटन आता युरोपीय संघाबाहेर आहे, त्यामुळे दोघांच्या मर्यादा काही औषधांबाबत वेगळ्या असू शकतात. माल कुठे जाणार हे छाटणीच्या वेळीच ठरले असेल, तर फवारणी त्या बाजाराच्या मर्यादेनुसार आखता येते.