कल्ले पुढे वळले की आधी पाणी तपासा

वाचकांचे प्रश्न : घरातला ॲक्सोलॉटल (सहसा आयुष्यभर पाण्यातच राहणारा, डोक्याबाहेर कल्ले असलेला, सॅलमँडर गटातला शेपटीवाला उभयचर)

प्रश्न : स्पंज फिल्टर काळा पडला होता म्हणून नळाखाली चांगला चोळून धुतला. तिसऱ्या दिवसापासून आमच्या ॲक्सोलॉटलचे कल्ले तोंडाकडे वळलेत, शेपटीचे टोकही वळलंय, खाणं बंद आहे. पाणी तर नितळ दिसतं. औषध कोणतं द्यावं? (पुणे)

उत्तर : औषध नको. फिल्टर नळाखाली धुतलात तिथेच घोटाळा झाला. स्पंजवरच्या त्या काळपट थरात जिवाणू असतात. प्राण्याने सोडलेल्या अमोनियाचं आधी नायट्राइट आणि मग नायट्रेट करायचं काम तेच करतात. नळाच्या पाण्यातल्या क्लोरीनने ते मेले आणि अमोनिया साठू लागला. त्याला रंग नसतो, त्यामुळे पाणी नितळ दिसतं यावर जाऊ नका. कल्ल्यांच्या तंतूंवरची कातडी अतिशय पातळ असते, म्हणून दाह तिथे लवकर जाणवतो.

आजच त्याला झाकण असलेल्या (झाकणाला भोकं पाडलेल्या) आठ-दहा लिटरच्या प्लास्टिकच्या टबात हलवा. पाणी क्लोरीन काढलेलं हवं, आणि जुन्या व नव्या पाण्याच्या तापमानात एक-दोन अंशांहून जास्त फरक नको. टबातलं सगळं पाणी रोज बदला. क्लोरीन काढायला सोडियम थायोसल्फेटचं साधं द्रावण चालतं. कोरफड घातलेलं वॉटर कंडिशनर (क्लोरीन काढायचं तयार द्रावण) घेऊ नका. पाणी चोवीस तास उघडं ठेवलं तर क्लोरीन उडून जातो, पण पाण्यात क्लोरामाइन (क्लोरीन आणि अमोनियाचं संयुग) असेल तर तो तसा जात नाही.

मग टाकीचं पाणी थेंबांच्या टेस्ट किटने तपासा. अमोनिया 0, नायट्राइट 0, नायट्रेट 20 पीपीएमच्या (लिटरमागे मिलिग्रॅम) आत आणि पीएच (पाणी किती आम्ल किंवा अल्कधर्मी ते सांगणारा आकडा) 7.4 ते 7.6 असलेला उत्तम. पीएच जरूर पाहा, कारण तो 7 वरून 8 वर गेला की तेवढ्याच अमोनियातला विषारी भाग जवळपास दहापट होतो.

रिकाम्या टाकीत फिल्टर चालूच ठेवा आणि रोज चिमूटभर मासेखाद्य टाका. ते कुजून होणारा अमोनिया नव्या जिवाणूंना लागतो. ओळखीच्या कुणाच्या निरोगी टाकीतला जुना स्पंज मिळाला तर काम लवकर होतं, नाहीतर काही आठवडे धरून चला. खाद्य टाकूनही अमोनिया आणि नायट्राइट दोन्ही शून्यच राहू लागले, नायट्रेट वाढलेलं दिसलं, की बरंचसं पाणी बदलून त्याला परत सोडा. यापुढे स्पंज टाकीतून काढलेल्याच पाण्यात पिळायचा.

चाचणीत सगळं ठीक आलं तर फिल्टरच्या प्रवाहावर संशय घ्या. ॲक्सोलॉटल हा मेक्सिकोतल्या सोचिमिल्कोच्या संथ पाण्यातला जीव. सतत धार लागली तरी तो कल्ले पुढे घेतो. धार काचेकडे वळवा.

प्रश्न : उन्हाळ्यात टाकी 27 अंशांवर जाते. तो सारखा वर येऊन हवा घेतो आणि कल्ले झटकतो. (मुंबई)

उत्तर : कल्ल्यांभोवतीचं पाणी बदलावं म्हणून तो अधूनमधून ते झटकतोच. त्याला फुप्फुसंही असतात, त्यामुळे क्वचित वर येऊन हवा घेणंही नेहमीचंच. सारखं चाललं असेल तर मात्र त्याला प्राणवायू कमी पडतोय. 18 अंशांच्या पाण्यात लिटरमागे सुमारे 9.5 मिलिग्रॅम प्राणवायू मावतो, 28 अंशांना 7.8 च; आणि उष्णतेत शरीराची गरज उलट वाढते. त्याला 16 ते 18 अंश हवेत. 20 च्या वर जाऊ देऊ नका. पाण्यावर वारा घालणारा पंखा कोरड्या हवेत दोन-तीन अंश उतरवतो, मुंबईच्या दमटपणात त्याहूनही कमी. बर्फाच्या बाटल्यांनी तापमान दिवसभर वरखाली होतं, तोही ताणच. स्पष्ट सांगायचं तर मुंबईत चिलरचा (टाकीचं पाणी थंड ठेवणाऱ्या यंत्राचा) खर्च झेपणार नसेल तर हा प्राणी पाळू नये.

प्रश्न : कल्ल्यांवर पांढरं काहीतरी दिसतं. बुरशी का? (नागपूर)

उत्तर : झटकल्यावर निघून गेलं तर कचरा. कापसासारखा झुबका चिकटूनच राहिला आणि वाढला तर बुरशी. तेव्हा लिटरभर पाण्यात दोन ते तीन चहाचे चमचे आयोडीन नसलेलं मीठ पूर्ण विरघळवा, त्यात त्याला दहा मिनिटं ठेवा आणि लगेच थंड, स्वच्छ पाण्याच्या टबात सोडा. दिवसातून एकदा किंवा दोनदा. पंधरा मिनिटांपुढे जाऊ नका, मीठच कल्ले आणि कातडी भाजतं. माशांसाठी विकली जाणारी तांबं किंवा मॅलाकाइट ग्रीन असलेली औषधं याला घातक आहेत. चार-पाच दिवसांत फरक पडला नाही, किंवा कल्ले झडू लागले, तर उभयचरांचा अनुभव असलेला पशुवैद्य गाठा.

प्रश्न : कल्ले आखूड होत चाललेत. आजार आहे का? (ठाणे)

उत्तर : फक्त कल्लेच आखूड असतील तर लगेच घाबरू नका. प्राणवायू भरपूर असलेल्या पाण्यात ते लहान राहू शकतात, म्हणून दाट झुपकेदार कल्ले म्हणजेच तब्येत असं समीकरण मांडू नये. जोडीदाराने चावून तोडले असतील तर वेगळं ठेवा. काही आठवड्यांत पुन्हा फुटतात, वयस्करांना वेळ लागतो.

कल्ल्यांबरोबर शेपटीची झालरही आटत असेल, डोळे बाहेर येऊन पापण्या दिसू लागल्या असतील, तर रूपांतर, म्हणजे जमिनीवर राहणारा प्राणी होणं, सुरू झालंय. हे दुर्मीळ आहे. पॅरिसमध्ये 1865 साली प्राणिशास्त्रज्ञ द्युमेरिल यांच्याकडच्या ॲक्सोलॉटलांच्या पिल्लांपैकी काही अशीच जमिनीवरची सॅलमँडर झाली आणि शास्त्रज्ञ चक्रावले. तसं असेल तर पाण्याची पातळी ताबडतोब उतरवा आणि वर चढायला उतरता दगड ठेवा, कारण कल्ले गेल्यावर तो बुडू शकतो.