लस बाळाला, गोळ्या घराला

मागे गोवराच्या लसीवर लिहिलं, तर टपालात निम्म्याहून जास्त पत्रं बीसीजीची, म्हणजे क्षयाच्या (टीबीच्या) लसीची निघाली. त्यातली चार इथे घेतली आहेत. नव्या वाचकांसाठी सांगून ठेवते, मी डॉक्टर नाही. सातारा जिल्ह्यात 34 वर्षं आधी नर्स आणि नंतर आरोग्य सहाय्यिका म्हणून काम केलं. किती बाळांच्या डाव्या दंडावर बीसीजी टोचली याचा हिशेब मी ठेवला नाही. बाजारात मात्र अजून कुणीतरी बाही वर करून दाखवतं, “बाई, ही तुमची खूण.”

माझी नात दीड महिन्याची आहे. जन्मल्यावर दुसऱ्या दिवशी तिला दंडावर क्षयरोगाची लस दिली. तेव्हा काहीच दिसलं नाही. आता तिथे गाठ आली, तिनं तोंड धरलं आणि कालपासून पू येतोय. सुईतून काही गेलं असेल का? शेजारीण म्हणते हळद-तूप भरा. सून सारखी रडते. — एक आजी, बार्शी

आजी, आधी सुनेचे डोळे पुसा. लस उठली आहे, एवढंच झालंय.

ही लस इतर लसींसारखी मांडीत खोल देत नाहीत. कातडीच्या आतल्या थरात, सुई जवळजवळ आडवी धरून देतात. महिन्याच्या आतलं बाळ असेल तर 0.05 मिली, म्हणजे एका थेंबाएवढी. नीट बसली की तिथली कातडी संत्र्याच्या सालीसारखी फुगते, त्यावर बारीक बारीक खळगे दिसतात. अर्ध्या तासात फुगवटा जिरतो आणि घरच्यांना वाटतं, चला, काही झालं नाही. खरं काम तेव्हा सुरू झालेलं असतं. दोन-तीन आठवड्यांनी तिथे पुटकुळी येते, ती मोठी होते, फुटते, पू येतो, खपली धरते, खपली पडते आणि पुन्हा धरते. हे सगळं तीन महिन्यांपर्यंत चालू शकतं. शेवटी एक गोल, जराशी खोलगट खूण उरते.

एवढा उशीर का? कारण या लसीत जंतू जिवंत असतात आणि ते अतिशय सावकाश वाढतात. मुळात हा गाईच्या क्षयाचा जंतू. फ्रान्समध्ये काल्मेट आणि गेराँ या दोघांनी 1908 पासून तो गुरांच्या पित्तात शिजवलेल्या बटाट्याच्या कापावर वाढवायला घेतला. दर तीन आठवड्यांनी नवा काप, असं 13 वर्षांत 230 वेळा. तोवर जंतूची रोग करण्याची ताकद गेली होती. माजलेल्या वळूचा बैल झाला म्हणा ना. पहिली मात्रा 1921 साली पॅरिसमध्ये एका तान्ह्या बाळाला दिली. त्या बाळाची आई क्षयानं गेली होती.

तर तुम्ही काय करायचं? जवळजवळ काहीच नाही. रोजची अंघोळ घाला, पाणी लागलं तरी चालतं. पू आला तर स्वच्छ ओल्या कापडानं टिपा आणि अंगात सैल झबलं घाला. हळद, तूप, मलम, पावडर यातलं काही लावू नका. शेक देऊ नका, दाबू नका, पट्टी चिकटवू नका. आमच्याकडे एका आजोबांनी बाळाच्या दंडाला बिब्बा लावला होता. लसीची जखम बरी झाली, बिब्ब्याची चिघळली.

एका गोष्टीवर मात्र लक्ष असू द्या. अंघोळीच्या वेळी डाव्या काखेत बोट फिरवून बघत जा. वाटाण्याएवढी टणक गाठ लागली आणि बाळ खेळतंय, दूध पितंय, तर ती आपोआप जिरते. गाठ वाढत गेली, लाल झाली, मऊ पडली तर बालरोगतज्ज्ञांना दाखवा. ते गरज वाटल्यास सुईनं पू काढतील. कुणाला चीर मात्र देऊ देऊ नका, ती जखम महिनोन् महिने वाहते.

मुलगा अकरा महिन्यांचा झाला तरी बीसीजीची खूण नाही. कार्डावर तारीख आहे. सासरे म्हणतात लस वाया गेली, परत टोचून घ्या. — कोपरगावहून एक आई

परत टोचू नका. थोड्या बाळांच्या दंडावर खूण उठतच नाही, म्हणून लस वाया गेली असा अर्थ होत नाही. पूर्वी काही डॉक्टर अशा मुलांना पुन्हा टोचत. जागतिक आरोग्य संघटनेनं 2018 साली स्पष्ट सांगितलं की खूण नाही म्हणून दुसरी मात्रा देण्याची गरज नाही. कार्डावरची तारीख हाच पुरावा, ते कार्ड प्लॅस्टिकच्या पिशवीत जपून ठेवा. (सासऱ्यांच्या हातावर मोठे व्रण असतील तर ते बहुधा देवीच्या लसीचे. त्यांच्या पिढीला प्रत्येक लसीची खूण हवीच असते.)

ज्यांच्या बाळाची बीसीजी जन्मल्यावर राहून गेली, त्यांच्यासाठी सांगते. वर्षाच्या आत कधीही देता येते, पण लवकरात लवकर द्या. आणि “एका बाळासाठी कुपी फोडत नाही” असं कुणी म्हणालं तर ऐकू नका. ही कुपी पूड स्वरूपात येते. मिठाच्या पाण्यात ती विरघळवली की चार तासांत संपवावी लागते, उरलेली टाकून द्यावी लागते. दहा मात्रांतल्या नऊ फेकताना माझाही जीव हळहळायचा. तरी एका बाळासाठी फोडायची, हाच नियम.

माझ्या मिस्टरांना फेब्रुवारीत फुप्फुसाचा टीबी निघाला, बेडक्यात जंतू सापडले. औषधं चालू आहेत. दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही पाच जण. सासूबाई 68 वर्षांच्या आहेत, त्यांना साखर आहे. चार वर्षांचा मुलगा आहे, त्याला जन्मताच बीसीजी दिली. पुतणी दहावीत आहे. 2024 मध्ये आशाताई मोठ्यांच्या बीसीजीसाठी घरी आल्या होत्या, सासूबाईंनी नको म्हटलं. तेव्हा घेतली असती तर? आता सगळ्यांनी घ्यावी का? खासगीत पैसे भरायची तयारी आहे. — एक गृहिणी, मुंबई

ताई, पैसे तसेच ठेवा, त्याची डाळ-अंडी आणा. का ते सांगते.

बीसीजी नेमकं काय करते हे आपल्याकडे नीट सांगितलं जात नाही. टीबीची लस म्हटलं की वाटतं, घेतली म्हणजे टीबी होणार नाही. तसं नाही. तान्ह्या बाळाच्या अंगात टीबीचा जंतू शिरला तर तो रक्तातून सगळीकडे पसरू शकतो आणि मेंदूच्या आवरणापर्यंत जाऊ शकतो. तो पसरणं ही लस बऱ्याच प्रमाणात अडवते. मोठ्या माणसाच्या फुप्फुसाच्या टीबीपुढे तिचा फारसा भरवसा नाही. हे शोधायला आपल्याच देशात, तमिळनाडूत चेंगलपट्टू भागात, 1968 पासून फार मोठी चाचणी झाली. काहींना बीसीजी दिली, काहींना लस नसलेलं इंजेक्शन टोचलं आणि 15 वर्षं लक्ष ठेवलं. मोठ्यांच्या फुप्फुसाच्या टीबीत दोन्ही गटांत फरक पडला नाही. मग बाळांना तरी का द्यायची, असं मला अनेकांनी विचारलंय.

नव्वदच्या दशकातली गोष्ट. साखर कारखान्याच्या पट्ट्यात ऊसतोडीच्या टोळ्या उतरलेल्या. एका कोपीत सव्वा वर्षाचं पोर आठ दिवस किरकिरत होतं. ताप होता, उलट्या होत्या, आणि आई म्हणाली, “नजरेला नजर देत नाही, बाई.” मी मानेखाली हात घालून उचलायला गेले तर मान वाकेना, फळकुटासारखं सगळं अंग एकदम वर आलं. पोर मागच्या हंगामात फडावरच जन्मलेलं, लस नाही, कार्ड नाही. कोपीच्या दाराशी आजोबा खोकत बसलेले, पायाशी राखेचं डबडं, त्यात थुंकत होते. पोराच्या मेंदूत टीबी पोहोचला होता. पोर वाचलं, पण उजवा हात आणि पाय गेला. लस असती तर हे टळलंच असतं असं मी छातीठोकपणे म्हणणार नाही. पण पुढच्या हंगामापासून लसीचा डबा घेऊन आधी फडावर जायचं, मग गावात, असा क्रम मी लावून घेतला.

आता तुमचं घर. सासूबाईंनी 2024 साली नको म्हटलं याची रुखरुख नको. ती नेहमीची लस नव्हती. मोठ्यांना पुन्हा बीसीजी दिल्यानं टीबी कमी होतो का, हे पाहण्यासाठी काही राज्यांत निवडक जिल्ह्यांत घेतलेला तो अभ्यास होता. साठीच्या पुढचे, मधुमेही, धूम्रपान करणारे, फार कमी वजनाचे, पूर्वी टीबी होऊन गेलेले आणि रुग्णाच्या घरातले यांना विचारून, संमती घेऊन लस दिली. नाही म्हणायची मुभा होतीच. शिवाय जंतू अंगात आधीच शिरला असेल तर आता टोचून तो बाहेर निघत नाही.

तुमच्या घराला हवी ती तपासणी आणि त्यानंतर गोळ्या. मिस्टर सोडून बाकी चौघांची नावं टीबी केंद्रावर द्या. खोकला, ताप, वजन घटणं, रात्रीचा घाम विचारतील, छातीचा एक्सरे काढतील. कुणाला टीबी निघाला तर पूर्ण उपचार. नाही निघाला तर प्रतिबंधाच्या गोळ्या. एक तर आयसोनियाझिड रोज, सहा महिने. नाहीतर आयसोनियाझिड आणि रिफापेंटिन आठवड्यातून एकदा, बारा आठवडे. कुणाला कुठल्या, हे डॉक्टर ठरवतील, सरकारी केंद्रात मोफत मिळतात. तुमच्या मुलाचा नंबर सगळ्यात आधी लावा. बीसीजी झाली आहे म्हणून त्याला वगळू देऊ नका. पाचाच्या आतलं मूल, घरात बेडक्यात जंतू असलेला रुग्ण, म्हणजे टीबी नाही एवढी खात्री करून गोळ्या सुरू करायच्याच.

सासूबाईंच्या साखरेच्या गोळ्यांची पट्टी डॉक्टरांसमोर ठेवा, कारण रिफापेंटिनमुळे त्यातल्या काहींचा जोर कमी होतो. गर्भनिरोधक गोळ्यांचंही तेच, तुम्ही घेत असाल तर लाजू नका, सांगा. रिफापेंटिननं लघवी केशरी होते, पुतणीला आधी सांगून ठेवा, नाहीतर घाबरेल. डोळे पिवळे दिसले, जेवण जाईनासं झालं, सारखी उलटी होऊ लागली तर गोळी थांबवून त्याच दिवशी केंद्रावर जायचं.

आता डाळ-अंड्यांचं. झारखंडमध्ये टीबी रुग्णांच्या घरच्यांना माणशी महिन्याला 5 किलो तांदूळ, दीड किलो डाळ आणि जीवनसत्त्वांच्या गोळ्या दिल्या. 2023 मध्ये निकाल आला. धान्य मिळालेल्या घरांत नवा टीबी जवळपास 40 टक्क्यांनी कमी झाला होता. इंजेक्शन नाही, डाळभात! मी तो आकडा वाचला त्या दिवशी माझ्या जुन्या सहकारी बाईंना फोन करून वाचून दाखवला. मिस्टरांना निक्षय पोषण योजनेचे, म्हणजे टीबी रुग्णाच्या आहारासाठी सरकार देतं ते, महिना 1000 रुपये मिळायला हवेत. बँक खातं जोडलंय का बघा.

खोली लहान आहे, तर खिडकी उघडी ठेवा, पडदा बांधून टाका. सुरुवातीचे काही आठवडे मिस्टरांना खिडकीशी झोपू द्या, तोंडाला रुमाल असू द्या. औषध नियमित पोटात गेलं की संसर्ग झपाट्यानं कमी होतो. ताट-वाटी वेगळी करू नका. टीबी भांड्यांतून पसरत नाही आणि माणूस त्या वेगळ्या ताटानंच अर्धा खचतो.

मुलगी आणि जावई लंडनला असतात. तीन आठवड्यांपूर्वी नात झाली. बीसीजी दिली नाही, “नंतर बोलावू” म्हणाले. आपल्याकडे तर दवाखान्यातून सोडायच्या आत देतात. तिथे निष्काळजीपणा चालतो का? आम्ही दोघं पुढच्या महिन्यात चाललो आहोत. — एक आजोबा, डोंबिवली

निष्काळजीपणा नाही, हिशेब वेगळा आहे. इंग्लंडमध्ये टीबी इतका कमी आहे की सरसकट बीसीजी देतच नाहीत. शाळेत सगळ्यांना टोचायचे, तेही 2005 मध्ये थांबवलं. तुमच्या नातीला देणार आहेत ती तिचे आईवडील किंवा आजी-आजोबा टीबी जास्त असलेल्या देशात जन्मले म्हणून. म्हणजे तुमच्यामुळे.

उशीर मुद्दाम आहे. तिथे बाळाच्या टाचेतून रक्ताचे थेंब घेऊन, जन्मतः प्रतिकारशक्तीच नसण्याचा एक दुर्मिळ आजार आहे का, हे तपासतात. अशा बाळाला जिवंत जंतूची लस दिली तर तीच बाधते. म्हणून 2021 पासून अहवाल हाती आल्यावर, साधारण 28 दिवसांनी लस देतात. आपल्याकडे थांबत नाहीत, कारण इथे बाळाभोवती टीबी जास्त आहे, महिनाभर थांबण्यात धोका मोठा. दोन्ही देशांचं आपापल्या जागी बरोबर आहे. मुलीला एवढंच सांगा, दीड महिना उलटला आणि बोलावणं आलं नाही तर फोन करून विचार.

आता तुमचं दोघांचं. सहा महिन्यांपेक्षा जास्त राहायला जाणाऱ्यांची ब्रिटन सरकार टीबीची तपासणी करून घेतं. त्याहून कमी दिवसांसाठी पाहुणे म्हणून जाणाऱ्यांना कुणी विचारत नाही. पत्रात शेवटी तुम्ही सहज लिहिलंय, आजींचा खोकला “पावसाळ्यापासून” आहे. तिकिटं काढली असतील तर असू द्यात, पण लंडनला नातीला मांडीवर घ्यायच्या आधी आजींची बेडका तपासणी आणि एक्सरे डोंबिवलीतच करून घ्या.