पोलीस संरक्षण मागण्यापेक्षा गुन्हा नोंदवून घ्या

ताई, तुमचं सगळं वाचलं. पोलीस संरक्षण कसं मिळेल, असं विचारलंत. वडिलांनी सावकाराकडून शेकडा पाचनं दोन लाख उचलले, विश्वासावर एका एकराचं खरेदीखत करून दिलं. आता त्याची माणसं रात्री दारात येऊन शिवीगाळ करतात, ट्रॅक्टर ओढून न्यायची भाषा करतात. ठाण्यात मात्र ‘हा पैशाचा व्यवहार आहे, कोर्टात जा’ म्हणून परत पाठवलं. बीडपासून नांदेडपर्यंत माणसं हेच ऐकून घरी येतात, म्हणून सविस्तर लिहितो.

दारात पोलीस बसवून मिळणं अवघड आहे. त्याच्या मागे लागू नका, गुन्हा नोंदवायला लावा. उधारी दिवाणी असेल, पण धमकी देणं आणि विनापरवाना सावकारी करणं हे फौजदारीच आहे. नुसती ‘धमकी दिली’ एवढंच सांगितलंत तर एनसी (अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद) हातात देऊन वाटेला लावतील. म्हणून तक्रारीत महाराष्ट्र सावकारी (नियमन) अधिनियम, 2014 चं नाव घ्या. परवाना नसताना सावकारी केली तर कलम 39 खाली पाच वर्षांपर्यंत कैद आहे, म्हणजे गुन्हा दखलपात्र, पोलिसांना कोर्टाच्या परवानगीशिवाय तपास करता येतो. कर्जदाराला छळल्याबद्दल कलम 45 वेगळं आहे.

तक्रार घरी बसून लिहा. कोणत्या तारखेला, किती वाजता, कोण आलं, आणि काय बोललं ते त्यांच्याच शब्दांत, शिवीसकट. ‘मानसिक त्रास दिला’ या वाक्यानं काहीच सिद्ध होत नाही. ‘उद्या संध्याकाळपर्यंत पैसे नाही आले तर ट्रॅक्टर नेतो’ यानं होतं. कोणत्या शेजाऱ्यानं ऐकलं ते लिहा. कॉल रेकॉर्डिंग, फोनपेच्या नोंदी जोडा. दुसऱ्या प्रतीवर पोच घ्या. ठाण्यानं नाहीच घेतली तर पोलीस अधीक्षकांना स्पीड पोस्टानं पाठवा, तिथंही हललं नाही तर न्यायदंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करता येतो.

दुसरा अर्ज त्याच आठवड्यात जिल्हा उपनिबंधक, सहकारी संस्था यांच्याकडे. लोक हे दार विसरतात, आणि जमीन परत मिळायची वाट तिथूनच आहे. त्याच कायद्याच्या कलम 18 प्रमाणे सावकारीच्या व्यवहारात गेलेली जमीन, व्यवहार 15 वर्षांच्या आतला असेल तर, चौकशी करून परत देण्याचा आदेश ते काढू शकतात, खरेदीखत नोंदणीकृत असलं तरी. खरेदीखतातली किंमत आणि त्या वर्षीचा सरकारी दर शेजारी शेजारी मांडा. ताबा अजून तुमच्याकडे असेल तर सातबाऱ्यावरचा पीकपेरा फार कामाचा आहे. सहकार खात्याचं पथक सावकाराच्या घराची झडतीही घेऊ शकतं. कोरे चेक आणि सह्या केलेले बाँड अशाच झडतीत सापडतात.

आकडे वडिलांनाही दाखवा. शेकडा पाच म्हणजे महिन्याला दहा हजार. परवानाधारक सावकारालासुद्धा शेतकऱ्याकडून तारणावर वर्षाला 9 आणि विनातारण 12 टक्केच घेता येतात. म्हणजे दोन लाखांवर महिन्याला फार तर दोन हजार.

चेक दिला असेल आणि वकिलाची नोटीस आली तर ती बाजूला टाकू नका, 15 दिवसांच्या आत लेखी उत्तर गेलं पाहिजे. वकिलाचे पैसे नसतील तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा. तुम्ही स्त्री आहात, तुम्हाला मोफत वकील मिळतो, उत्पन्नाची अट नाही.

आज रात्री परत आले तर दार उघडू नका, 112 लावा. आणि वडिलांना सध्या एकटं शेतावर पाठवू नका. ते गप्प गप्प राहत असतील तर 14416 या मानसिक आरोग्याच्या सरकारी हेल्पलाइनवर बोलायला लावा, तो फोन मोफत आहे. तक्रारीचा मसुदा झाला की नावं गाळून मला दाखवा, द्यायच्या आधी वाचून देतो.