‘टीपीएमटी नॉर्मल’ आहे, मग सीबीसी कशाला?

भावाला क्रोन्स (आतड्यांना सूज आणणारा दीर्घकाळचा आजार) आहे, डॉक्टरांनी अझाथायोप्रिन हे प्रतिकारशक्ती दाबणारे औषध सुचवले आहे आणि घरी लाळेचा नमुना देऊन केलेल्या जनुकीय चाचणीत ‘टीपीएमटी नॉर्मल’ (म्हणजे हे औषध निष्प्रभ करण्यास मदत करणारे एक जनुक निर्दोष) आले आहे, तेव्हा दर आठवड्याची सीबीसी, म्हणजे रक्तपेशी मोजणारी तपासणी, टाळता येईल का, असे तुम्ही विचारले आहे. काही वर्षांपूर्वी हाच प्रश्न आमच्या घरात निघाला होता आणि ‘टाळता येईल’ हे उत्तर मीच देऊन टाकले होते. मी डॉक्टर नाही. खालचे सारे एका रुग्णाच्या नवऱ्याचे अनुभव समजूनच वाचावे.

पत्नीला अल्सरेटिव्ह कोलायटिस (मोठ्या आतड्याला सूज व व्रण आणणारा आजार) होता. डॉक्टरांनी अझाथायोप्रिनसोबत सीबीसीचे वेळापत्रकही लिहून दिले होते. मी मात्र तिच्या अशाच घरगुती जनुकीय चाचणीच्या अहवालात ‘टीपीएमटी नॉर्मल’पुढची हिरवी खूण पाहून, दर आठवड्याला सुई टोचून घ्यायला कंटाळलेल्या तिला ‘राहू दे या वेळी’ म्हणालो. तिसऱ्या आठवड्यात तिचे केस मूठमूठ गळू लागले. आम्ही शाम्पू बदलला. चौथ्या आठवड्यात ताप आला, तोंडात फोड आले आणि रुग्णालयात तपासले तेव्हा पांढऱ्या पेशी ९०० पर्यंत घसरलेल्या होत्या. अकरा दिवस ती वेगळ्या खोलीत होती.

पुढे डॉक्टरांनी एनयूडीटी१५ या दुसऱ्या जनुकाची तपासणी करवली, तेव्हा त्याच्या दोन्ही प्रतींत दोष निघाला. अझाथायोप्रिनचे शरीरात जे क्रियाशील रूप तयार होते, ते निष्प्रभ करण्याचे काम या जनुकाचे एन्झाइम करते. ते नीट चालले नाही, तर नेहमीचा डोसही रक्तपेशी तयार करणाऱ्या अस्थिमज्जेला विषासारखा ठरतो. टीपीएमटीचा दोष प्रामुख्याने युरोपीय रुग्णांच्या अभ्यासांतून पुढे आला आणि तिथे तो महत्त्वाचाही आहे. एनयूडीटी१५ चा संबंध २०१४ साली कोरियातील क्रोन्सच्या रुग्णांच्या अभ्यासातून उघड झाला. युरोपीय लोकांत हा दोष विरळा, आपल्याकडे मात्र टीपीएमटीच्या दोषापेक्षा जास्त आढळणारा. हिचिंग्ज आणि एलियन या औषधशास्त्रज्ञांना ज्या कामासाठी १९८८ चे नोबेल मिळाले, त्याच कामातून, नोबेलच्या कितीतरी आधी, हे औषध आले. म्हणजे औषध वापरात येऊन अर्धशतक उलटल्यावर आपल्यासारख्यांच्या जनुकांकडे लक्ष गेले. औषधनिर्मितीतील नावीन्याचे गोडवे ऐकताना मला हा उशीर आठवतो.

मला सर्वांत महाग पडली ती या अहवालातली एक गफलत: ‘दोष आढळला नाही’ आणि ‘दोष शोधलाच नाही’ या दोन्ही गोष्टी त्यात सारख्याच दिसत होत्या. नंतर मी त्या कंपनीच्या ग्राहक-कक्षाला, कोणती जनुके आणि त्यांतील कोणते बदल तपासले, एवढेच विचारले. तीन आठवडे तिकीट क्रमांक मिळत राहिले आणि शेवटी ‘हा अहवाल वैद्यकीय सल्ला नाही’ असे ठरावीक वाक्य आले. सल्ला नव्हता, तर मुखपृष्ठावर ‘तुमच्या औषधांसाठी मार्गदर्शक’ असे छापले कशाला? असो, राग अजून गेलेला नाही, हे मान्य करतो.

तुमच्या जागी मी असतो, तर औषध सुरू होण्याआधी डॉक्टरांना एनयूडीटी१५ विषयी स्पष्ट विचारले असते, आणि तपासणी करायची ठरल्यास ती रुग्णालयाशी संलग्न प्रयोगशाळेतच केली असती. जनुके निर्दोष असूनही पेशी घसरू शकतात, त्यामुळे अहवाल कितीही चांगला आला तरी सीबीसीचे वेळापत्रक तसेच ठेवा. या बाबतीत माझे मत ठाम आहे. जनुकीय चाचण्याच व्यर्थ, असा मात्र माझा अर्थ नाही. हीच तपासणी आधी झाली असती, तर डोस अगदी कमी ठेवता आला असता किंवा औषधच दुसरे दिले गेले असते.

जाता जाता: भावाला युरिक अ‍ॅसिडसाठी अ‍ॅलोप्युरिनॉल किंवा फेबुक्सोस्टॅट चालू असेल, तर ते पोटाच्या डॉक्टरांना आजच सांगा, कारण त्यांच्यामुळे अझाथायोप्रिनचा प्रभाव धोकादायकरीत्या वाढतो. आणि पहिल्या दोन महिन्यांत केस गळू लागले किंवा ताप आला, तर पुढच्या अपॉइंटमेंटची वाट न पाहता त्याच दिवशी सीबीसी करून डॉक्टरांना फोन करा.